युरोपातल्या जुन्या राजदरबारात खरी सत्ता कुणाकडे होती, हे कसं शोधायचं

युरोपचा साधारण १५०० ते १७१५ या काळातला इतिहास वाचायला घेतला की बऱ्याच जणांचं एकाच जागी अडतं. पानोपानी ड्यूक, अर्ल, काउंट, चॅन्सलर, ट्रेझरर, कोण कुणाचा जावई, त्यात नावंही एकसारखी, आणि मग आपण सोपा मार्ग काढतो की ज्याचा हुद्दा मोठा तो माणूस मोठा, आणि तिथून पुढचं सगळं वाचन वाकडं जातं. कारण त्या काळात राज्य बरंचसं राजाच्या घरातूनच चालायचं, राजा जिथे जेवतो, झोपतो, शिकारीला जातो तिथेच जमिनी वाटल्या जायच्या, लढाया ठरायच्या, माणसं वर चढायची आणि खालीही यायची. म्हणून कुठलाही दरबार समजून घ्यायचा असेल तर मी एकच प्रश्न धरून बसायला सांगेन: राजाजवळ न विचारता कोण जाऊ शकत होतं, आणि दुसऱ्याला जाण्यापासून कोण अडवू शकत होतं? हा प्रश्न प्रत्यक्षात कसा वापरायचा ते सांगतो, उदाहरणं मुख्यतः इंग्लंड, स्पेन आणि फ्रान्सची घेतलीत कारण तिथली कागदपत्रं भरपूर आहेत आणि तिघांची तऱ्हा वेगवेगळी आहे.

आधी खोल्या बघा, माणसं नंतर

पुस्तक उघडायच्या आधी राजवाड्याचा नकाशा शोधा, नसेल मिळत तर वर्णनावरून कागदावर स्वतःच काढा, चौकोन काढले तरी चालतात. इंग्लंडमध्ये आठव्या हेन्रीच्या काळात एकामागून एक खोल्या असायच्या, बाहेर पहारेकऱ्यांची गार्ड चेंबर, मग सिंहासन ठेवलेली प्रेझेन्स चेंबर, आणि त्याच्या आत प्रिव्ही चेंबर. बऱ्यापैकी कपडे घातलेला, घराण्याचा माणूस प्रेझेन्स चेंबरपर्यंत सहज जायचा, तिथे उभं राहून राजा येतो का याची वाट बघायची. पण प्रिव्ही चेंबरच्या दाराशी गोष्ट संपायची, तिथे ज्यांची नेमणूक आहे तेच आत. म्हणजे देशातला मोठा अर्ल बाहेर ताटकळतोय आणि एखादा साधा नाइट आत राजाशी पत्ते खेळतोय, हे रोजचं चित्र होतं.

आता नकाशावर प्रत्येक दाराशी लिहा की इथून पुढे कोण जाऊ शकतो. एवढं केलंत की अर्धं काम झालं.

पण एक सावधगिरी, सगळीकडे एकच नियम लावू नका. फ्रान्समध्ये उलटी गंमत होती, तिथे राजाची झोपायची खोली हीच मोठी दरबारी जागा. चौदावा लुई ६ मे १६८२ ला दरबार घेऊन व्हर्सायला राहायला गेला, आणि तिथे त्याचं सकाळी उठणं हा रोजचा सोहळा होता, आधी थोडे लोक आत यायचे, मग जास्त, मग अजून जास्त, आणि कोण कुठल्या टप्प्यात आत येतो यावरून त्याची पत ठरायची. रात्री झोपताना मेणबत्ती कुणी धरायची हासुद्धा राजाने त्या दिवशी दिलेला मान होता. लांबून बघणाऱ्याला वाटतं व्हर्सायला राजा सगळ्यांना भेटतो म्हणजे सगळ्यांची सत्ता आहे. तसं अजिबात नाही. सगळ्यांसमोर भेटणं आणि एकट्याने कानात बोलता येणं यात जमीन-अस्मानाचा फरक. त्यामुळे फ्रान्समध्ये बघायचं ते असं की गर्दी बाहेर गेल्यावर खोलीत कोण उरतं. आलेक्सांद्र बाँताँ हा राजाचा पहिला खासगी सेवक, खानदान काही मोठं नव्हतं, पण राजाला एकांतात भेटायचं तर त्याच्यामार्फत जावं लागायचं, आणि मोठमोठे ड्यूक त्याच्याशी अदबीने वागायचे.

स्पेन आणि व्हिएन्नाच्या हाब्सबुर्ग राजघराण्याची तऱ्हा अजून वेगळी. त्यांच्यातल्या सम्राट पाचव्या चार्ल्सने १५४८ मध्ये मुलाच्या, म्हणजे फिलिपच्या घराला बर्गंडीच्या दरबाराची कडक शिस्त लावली, आणि पुढे तिथला राजा जितका दिसायचा नाही तितका मोठा वाटायचा असं काहीसं झालं. खोल्यांमागून खोल्या, आणि शेवटच्या खोलीची किल्ली मोजक्या लोकांकडे. ही किल्ली खरीखुरी असायची, सोनेरी, कमरेला लटकवायची, म्हणजे सगळ्यांना दिसावी. त्या काळातल्या सरदारांची चित्रं बघाल तेव्हा चेहऱ्याआधी कंबर बघा, किल्ली दिसली तर हा माणूस आत जाणारा आहे हे लगेच कळतं.

मग नोकरांची यादी

हे वाचून नवीन माणूस थोडा बिचकतो, पण राजाला कपडे कोण घालतं, घोड्यावर बसताना हात कोण देतं, आणि शौचाला जाताना सोबत कोण असतं, या तीन गोष्टी शोधा. इंग्लंडमध्ये शेवटच्या कामाच्या माणसाला ग्रूम ऑफ द स्टूल म्हणायचे आणि ते पद प्रिव्ही चेंबरमधलं सगळ्यात वजनदार पद झालं. कारण उघड आहे, राजा एकटा, दार बंद, आणि हा एकच माणूस समोर. कुणाचा अर्ज कधी पुढे करायचा, आज राजाचा मूड कसा आहे, हे त्याच्याइतकं कुणालाच माहीत नसायचं, शिवाय राजाचा खासगी पैसाही त्याच्या हातून फिरायचा.

कार्डिनल वुल्झीला हे पक्कं माहीत होतं. तो चॅन्सलर होता, इंग्लंडच्या चर्चचा सगळ्यात मोठा माणूस होता, तरी त्याला प्रिव्ही चेंबरच्या तरुण पोरांची धास्ती वाटायची. १५१९ मध्ये राजाच्या या जवळच्या दोस्तांना दरबारातून हलवलं गेलं, आणि १५२६ मध्ये एल्थमच्या राजवाड्यात नियम निघाले, वरवर खर्च कमी करायचे आणि शिस्तीचे, पण त्यात प्रिव्ही चेंबरची माणसं कमी करून १५ वर आणली. कुठलेही काटकसरीचे नियम दिसले की आधी बघा कुणाची माणसं कमी झाली, हा नियम मला फार उपयोगी पडतो. त्याच वेळी हेन्री नॉरिस ग्रूम ऑफ द स्टूल झाला, आणि दहा वर्षांनी, मे १५३६ मध्ये हेन्रीची राणी ॲन बोलिनबरोबर ज्या पुरुषांना मारलं त्यात तो होता. राणीच्या गटाला पाडायचं तर राजाच्या खोलीतला त्यांचा माणूस आधी काढायला लागणार, असं बघितलं की ती सगळी भयंकर घटना वेगळ्याच उजेडात दिसते.

स्पेनमध्ये शयनगृहाच्या मुख्य माणसाला सुमिलेर दे कोर्प्स म्हणायचे आणि पागेच्या प्रमुखाला काबायेरीसो मायोर. एक राजाला घरात सांभाळतो, दुसरा बाहेर. ही दोन्ही पदं एकाच माणसाकडे गेलेली दिसली की थांबा, कारण आता राजाला चोवीस तास त्याने घेरलंय. १५९८ मध्ये तिसरा फिलिप गादीवर आला आणि त्याच्या मर्जीतल्या लेर्माने दोन्ही घेतली. १६२१ नंतर चौथ्या फिलिपच्या वेळी ओलिव्हारेसनेही तेच केलं. लेर्मा तर एवढा पुढे गेला की १६०१ मध्ये अख्खा दरबार माद्रिदहून उचलून वायादोलिदला नेला आणि १६०६ पर्यंत तिकडेच ठेवला. याची कारणं बरीच सांगतात, पैशाचीही सांगतात, पण माद्रिदच्या मठात राजाची आजी, सम्राज्ञी मारिया राहायची, ती नातवाशी बोलायची आणि तिला लेर्मा आवडायचा नाही, हे लक्षात ठेवलं की स्थलांतराला अर्थ येतो. १६१२ मध्ये तर लेर्माची सही राजाच्या सहीसारखी मानावी असा हुकूमच निघाला.

आणि तो पडला कसा? पोटच्या मुलाने पाडलं. उसेदा हा त्याचा मुलगा, बापानेच त्याला राजाच्या जवळ बसवलं होतं. १६१८ मध्ये लेर्मा कार्डिनल होऊन बाजूला झाला आणि त्याचा खास माणूस रोद्रिगो काल्देरोन याचं १६२१ मध्ये माद्रिदच्या चौकात डोकं उडवलं. लेर्मा वाचला तो अंगावरच्या कार्डिनलच्या कपड्यांमुळे.

यादी करताना प्रत्येक नावापुढे एवढंच लिहा, याला इथे कुणी आणलं. मर्जीतला माणूस एकटा कधीच नसतो, त्याने भाऊ, मेहुणे, पुतणे असे सगळ्या दारांवर पेरलेले असतात, आणि ते पेरणं कधी थांबतं किंवा दुसऱ्याची माणसं कधी येऊ लागतात ती तारीख सोन्याची. इंग्लंडमध्ये पहिल्या जेम्सच्या दरबारात जॉर्ज व्हिलियर्स १६१४ मध्ये आला, त्याला पुढे करणारे लोक तोवर राजाच्या मर्जीत असलेल्या रॉबर्ट कारच्या विरुद्ध होते, १६१५ मध्ये तो बेडचेंबरमध्ये शिरला, १६१६ मध्ये पागेचा प्रमुख, १६२३ मध्ये बकिंगहॅमचा ड्यूक. बेडचेंबर आणि पागा, बघा, परत तीच जोडी.

कागद कुठून कुठे जातो

दारं झाली, आता कागद. काही राजे माणसांना टाळायचे आणि कागदावर राज्य करायचे, त्यांच्या बाबतीत दार बघून भागत नाही. दुसरा फिलिप याचा उत्तम नमुना. त्याने १५६१ मध्ये दरबार माद्रिदला आणला, एस्कोरियाल बांधला, आणि दिवसरात्र कागद वाचत बसायचा. त्याच्याकडे राज्याची, युद्धाची, इंडीजची (म्हणजे अमेरिकेकडच्या वसाहतींची), पैशाची, कास्तीयाची, आरागोनची अशा वेगवेगळ्या परिषदा होत्या, त्या चर्चा करून लेखी सल्ला पाठवायच्या आणि राजा समासात स्वतःच्या हाताने उत्तर लिहायचा, हस्ताक्षर इतकं वाईट की आजही अभ्यासकांचे डोळे दुखतात. अशा ठिकाणी परिषदेतल्या ड्यूकपेक्षा तो कागद परिषदेतून राजाच्या टेबलावर नेणारा सेक्रेटरी बघायचा. कुठला कागद आज ठेवायचा, कुठला उद्या, कुठला गुंडाळायचा, त्याचा सारांश कसा लिहायचा, हे सगळं त्याच्या हातात. आंतोनिओ पेरेस आणि मातेओ वास्केस हे दोघे सेक्रेटरी एकमेकांच्या जिवावर उठले होते ते याच कारणासाठी. पेरेस १५७९ मध्ये पकडला गेला, १५९० मध्ये पळून आरागोनला गेला आणि तिथून एवढं मोठं प्रकरण झालं की राजाला सैन्य पाठवावं लागलं.

नंतर १५८० च्या दशकात फिलिपने रात्री बसणारी एक छोटी समिती केली, मोजकी विश्वासू माणसं, मोठ्या परिषदांकडून आलेलं सगळं तिथे चाळलं जायचं. मोठी परिषद कागदावर तशीच आणि बाजूला चार-पाच जणांची छोटी बैठक, ही खूण कुठल्याही दरबारात दिसली की खरे निर्णय त्या छोट्या खोलीत होतायत असं धरा आणि मग पुरावा शोधा. चौदाव्या लुईने तर हे उघडच केलं. त्याचा मुख्य मंत्री माझारँ ९ मार्च १६६१ ला वारला आणि दुसऱ्याच दिवशी राजाने सांगितलं की आता मुख्य मंत्री कुणी नाही, मीच. वरच्या परिषदेत फक्त तिघे, ल तेलिए, लिओन आणि फुके. स्वतःची आई बाहेर, भाऊ बाहेर, राजघराण्यातले सगळे बाहेर. फुके ५ सप्टेंबरला पकडला गेला आणि त्याची जागा कोल्बेरने घेतली. यातले कुणीच जुन्या खानदानी तलवारवाल्या घराण्यातले नव्हते आणि राजाला तेच हवं होतं, कारण त्यांना त्याच्याशिवाय दुसरा आधार नव्हता.

कागदाचा माग काढताना तीन गोष्टी विचारायच्या: लिहिलं कुणी, सही कुणाची, आणि शिक्का कुणाकडे. तिन्ही एकाच गटाकडे असतील तर राजा आजारी आहे, लहान आहे किंवा कंटाळलाय.

राणीकडची बाजू सोडू नका

जुन्या पुस्तकांत राण्या म्हणजे लग्न आणि बाळंतपण एवढंच, आणि मला याचा खरंच राग येतो कारण अर्धा दरबार त्यामुळे अंधारात राहतो. राणीचं स्वतःचं घर होतं, स्वतःच्या नेमणुका, स्वतःची दारं. लेर्माला हे बरोबर कळलं होतं म्हणून त्याने तिसऱ्या फिलिपची राणी मार्गारेट हिच्या घराची प्रमुख बदलून आधी आपली बायको आणि नंतर बहीण तिथे बसवली.

आणि गादीवर बाईच असेल तर? मग झोपायच्या खोलीत बायकाच असणार, आणि पुरुषांचं अख्खं गणित बदलतं. पहिल्या एलिझाबेथच्या वेळी प्रिव्ही चेंबरमध्ये ब्लांश पॅरी, कॅट ॲशली अशा बायका होत्या, त्या अर्ज पुढे करायच्या, राणीचा मूड बाहेर कळवायच्या, पण राज्यकारभार विल्यम सेसिलसारख्यांच्या हातात सेक्रेटरीच्या टेबलावर गेला. यामुळेच २८ सप्टेंबर १५९९ ची घटना इतकी मोठी. अर्ल ऑफ एसेक्स परवानगी न घेता आयर्लंडहून निघाला आणि नॉनसच राजवाड्यात चिखलाने माखलेल्या कपड्यांत सरळ राणीच्या झोपायच्या खोलीत घुसला, ती अजून तयारही झाली नव्हती. राजाच्या वेळी जे दार जवळच्या पुरुषाला उघडं असतं ते इथे नव्हतं. त्याच दिवशी तो नजरकैदेत गेला, पुढच्या वर्षी गोड वाइनवरच्या जकातीचा मक्ता राणीने वाढवून दिला नाही म्हणजे उत्पन्नच गेलं, आणि फेब्रुवारी १६०१ मध्ये फसलेल्या बंडानंतर त्याचं मस्तक उडालं. क्रम बघा, आधी दार बंद, मग पैसा बंद, मग मान. हा क्रम बऱ्याच ठिकाणी सापडतो.

इंग्लंडमध्येच पुढे राणी ॲनच्या वेळी तर सगळी सत्तेची लढाई किल्लीची लढाई झाली. सारा चर्चिलकडे १७०२ पासून शयनगृह, कपडे आणि खासगी पैसा ही तिन्ही पदं होती. पण ती दरबारात येईनाशी झाली, भांडायला लागली, आणि तिचीच गरीब नातेवाईक ॲबिगेल मॅशम रोज राणीजवळ असायची. १७०८ मध्ये मंत्रिपद गेलेला हार्ली मागच्या जिन्याने ॲबिगेलमार्फत राणीला भेटत राहिला आणि १७१० मध्ये परत सत्तेत आला. जानेवारी १७११ मध्ये साराची सोन्याची किल्ली परत मागितली गेली, ती नवऱ्याने, म्हणजे युरोपभर लढाया जिंकलेल्या मार्लबरोने, राणीकडे नेऊन दिली. म्हणून हुद्द्याबरोबर हजेरीही तपासा, कागदावर पद आहे आणि माणूस महिनोन्‌महिने दरबारात नाही, तर ते पद आतून पोकळ झालेलं असतं.

स्पेनमध्ये प्रिन्सेस दे उर्सिनने १७०१ पासून पाचव्या फिलिपच्या राणीचं घर सांभाळलं आणि त्यातूनच स्पेनचं राज्यही बरंचसं सांभाळलं. ती राणी १७१४ मध्ये वारली, नवी राणी एलिझाबेथ फार्नेसे आली आणि नवऱ्याला भेटायच्याही आधी, डिसेंबरच्या थंडीत हाद्राके गावी, तिने या बाईंना पहिल्याच भेटीत पदावरून काढून पहाऱ्यात सरहद्दीकडे रवाना केलं. नवी राणी आली की पहिल्या महिन्यातल्या नेमणुका वाचायच्याच वाचायच्या.

मानपानाची भांडणं म्हणजे राजकारणच

आता ज्या भागाला लोक हसतात तो. कुणाची बग्गी पुढे, कोण टोपी काढणार, कोण बसणार. व्हर्सायला राणीसमोर पाठ नसलेल्या स्टुलावर बसायचा हक्क डचेसना होता आणि बाकीच्या बायका उभ्या. स्पेनमध्ये ग्रँदे म्हणजे राजासमोर टोपी घालू शकणारे. हे हसण्यावारी नेऊ नका, कारण तेव्हा देशादेशांत कोण वरचढ हे ठरवायला कुठलं कोर्ट नव्हतं, सगळ्यांसमोर कोण आधी चालतं हाच पुरावा.

सगळ्यात चांगलं उदाहरण लंडनचं, ३० सप्टेंबर १६६१. स्वीडनचा नवा राजदूत येणार होता आणि त्याच्या मागे पहिली बग्गी कुणाची, स्पेनची की फ्रान्सची, यावरून टॉवरच्या धक्क्यापाशी रस्त्यात मारामारी झाली. स्पॅनिश लोकांनी तयारी केली होती, घोड्यांच्या चामडी पट्ट्यांत साखळ्या घातल्या म्हणजे कापता येऊ नयेत, आणि फ्रेंचांचे घोडे मारले. माणसंही मेली. स्पेनची बग्गी पुढे गेली. पण खरी गोष्ट त्यानंतरची, चौदाव्या लुईने स्पेनच्या राजदूताला हाकललं, युद्धाची धमकी दिली, आणि सासरा असलेल्या चौथ्या फिलिपला नमावं लागलं. मार्च १६६२ मध्ये स्पेनच्या दूताने लूव्र राजवाड्यात बाकीच्या राजदूतांसमोर सांगितलं की यापुढे आमचे राजदूत फ्रेंच राजदूतांशी या मानासाठी स्पर्धा करणार नाहीत. एकही तह न करता सगळ्या युरोपला कळलं की पहिला नंबर आता कुणाचा. अशी भांडणं वाचताना कोण जिंकलं यापेक्षा दुसऱ्या दिवशी कुणी किती ताणलं आणि शेवटी माफी कुणी मागितली ते बघा, पैसा आणि सैन्य कुणाकडे उरलंय ते त्यात दिसतं.

सांगणारा कोण आहे

हे सगळं आपल्याला कळतं ते कुणाच्यातरी लिखाणातून, म्हणून प्रत्येक साक्षीदार कुठल्या दाराशी उभा होता ते आधी विचारा. व्हेनिसचे राजदूत या कामात सगळ्यात भारी, परत आल्यावर सिनेटसमोर त्यांना त्या राज्याचा पूर्ण अहवाल द्यावा लागायचा, राजा कसा दिसतो, किती उत्पन्न, मर्जी कुणावर, कोण विकत मिळेल. नवशिक्याने सुरुवात तिथूनच करावी असं माझं ठाम मत आहे. पण तेसुद्धा दुसऱ्यांकडून ऐकलेलं लिहायचे, आणि माहिती देणाऱ्याचा स्वतःचा काहीतरी डाव असायचाच.

यूस्टेस शाप्वी १५२९ पासून १५४५ पर्यंत इंग्लंडमध्ये सम्राट पाचव्या चार्ल्सचा राजदूत होता, ॲन बोलिनबद्दलची बरीच माहिती त्याच्या पत्रांतून येते, आणि तो तिला राणी मानतच नव्हता, रखेल म्हणायचा. त्याची पत्रं फेकू नका, फक्त त्याला ज्यातून आनंद होतो ती बातमी दुसरीकडे तपासा आणि त्याला जी नको होती तरी त्याने लिहिली ती बातमी जास्त खरी धरा. तसंच व्हर्सायचं. ड्यूक द सें-सिमों याच्या आठवणी अफाट जिवंत आहेत पण तो जन्मला १६७५ मध्ये, मोठं मंत्रिपद त्याला चौदाव्या लुईकडून मिळालं नाही, आणि शेवटचं लिखाण त्याने राजा गेल्यानंतर कितीतरी वर्षांनी केलं. त्याच्याजवळ दांजोची रोजनिशी ठेवा, १६८४ पासून रोजच्या रोज लिहिलेली, कोरडी, कोण कुठे होतं एवढंच. रंग एकाकडून घ्या, तारीख दुसऱ्याकडून.

आता एक करून बघू

जानेवारी १५४७, इंग्लंड. आठवा हेन्री मरणाला टेकलाय, मुलगा एडवर्ड नऊ वर्षांचा. हुद्द्याने बघाल तर ड्यूक ऑफ नॉरफोक आणि बिशप गार्डिनर हे मोठे, पुढचं राज्य त्यांच्या हाती जावं. आता आपली पद्धत लावा.

दार: व्हाइटहॉलच्या आतल्या खोल्यांत ॲन्थनी डेनी, तो ग्रूम ऑफ द स्टूल. राजा आता बाहेर येतच नाही, राणीलाही लांब ठेवलंय, म्हणजे डेनीच्या परवानगीशिवाय कुणी आत नाही. गार्डिनर राजाची भेट मिळावी म्हणून धडपडतोय आणि मिळत नाहीये. कागद: विल्यम पॅजेट सेक्रेटरी, तो एडवर्ड सीमोर, म्हणजे अर्ल ऑफ हर्टफर्ड, मुलाचा मामा, याच्याबरोबर. शिक्का: १५४५ पासून राजा बहुतेक कागदांवर स्वतः सही करत नव्हता, सहीचा कोरडा ठसा कागदावर दाबायचे आणि विल्यम क्लार्क नावाचा कारकून त्या खळग्यांत शाई भरायचा. ठसा डेनी आणि त्याचा मेहुणा जॉन गेट्स यांच्या ताब्यात. तिन्ही गोष्टी एकाच टोळीकडे.

मग घटना लावून बघा. १२ डिसेंबर १५४६ ला नॉरफोक आणि त्याचा मुलगा सरे टॉवरमध्ये, म्हणजे कैदेत. मृत्युपत्रावर तारीख ३० डिसेंबरची, त्यात मुलासाठी १६ जणांची परिषद, गार्डिनर त्यात नाही, डेनी आहे. ते मृत्युपत्र ठशाने सही केलेलं, आणि क्लार्कच्या यादीत त्याची नोंद जानेवारीत येते, त्यावरून इतिहासकार आजही भांडतात की तारखेनंतर त्यात काही घातलं गेलं का. १९ जानेवारीला सरेचं डोकं उडालं. २८ जानेवारीला पहाटे राजा गेला, बातमी ३१ तारखेपर्यंत दाबून ठेवली, तोपर्यंत हर्टफर्ड घोड्यावरून जाऊन लहान राजाला ताब्यात घेऊन आला. नॉरफोक वाचला तो राजा आधी मेला म्हणून. आणि काही दिवसांत हर्टफर्ड प्रोटेक्टर आणि ड्यूक ऑफ सॉमरसेट झाला, पॅजेटने शपथेवर सांगितलं की राजाच्या मनात ही बक्षिसं होतीच. मृत्युपत्रात एक प्रोटेक्टर नेमायचा असं कुठेच म्हटलेलं नव्हतं.

हुद्द्यांची यादी घेऊन बसला असतात तर सीमोरचा विजय अचानक वाटला असता. दार, कागद आणि ठसा बघितला तर तो डिसेंबरमध्येच जवळपास ठरलेला दिसतो, जवळपास म्हणतोय कारण हेन्री शेवटपर्यंत कुणाच्या हातातलं बाहुलं नव्हता असंही मानणारे आहेत आणि त्यांचे मुद्दे वाचण्यासारखे आहेत.

पुढचं तुम्ही करा. जानेवारी १६४३, माद्रिद, ओलिव्हारेस वीस वर्षांनंतर पडतोय. कातालोनिया आणि पोर्तुगाल दोन्हीकडे १६४० पासून बंड आहे हे कारण सगळेच देतात. ते बरोबरच आहे, पण ते तर दोन वर्षं चालूच होतं, मग नेमकं तेव्हाच का? आधी राणी इसाबेलच्या घरात कोण होतं ते काढा, मग राजा १६४२ मध्ये आघाडीवर गेला तेव्हा मागे माद्रिदमध्ये कारभार कुणी बघितला ते, आणि मग सुमिलेरची किल्ली.